प्लेस्टेशन ४ मधली माहिती पुसताना: आधी काय वाचवायचे, मग काय काढायचे

प्लेस्टेशन ४ हा सोनीचा गेम खेळण्याचा कन्सोल भारतात जानेवारी २०१४ मध्ये आला. तेव्हा त्यातली ५०० जीबीची हार्ड डिस्क पुष्कळ वाटत असे. प्रत्यक्षात त्यातली सुमारे ४०० जीबीच वापरता येते, कारण उरलेली जागा कन्सोल स्वतःच्या कामासाठी राखून ठेवतो. आजचा एखादा मोठा गेम ५० ते १०० जीबी घेतो, आणि गेम डिस्कवर विकत घेतला असला तरी तो डिस्कवरून चालत नाही. तो पूर्णपणे हार्ड डिस्कवर उतरवला जातो आणि त्यानंतर डिस्क केवळ मालकीची खूण म्हणून आत ठेवावी लागते. त्यामुळे पाच-सहा मोठे गेम झाले की जागा संपते आणि सातव्या गेमचे अपडेट अडते. दुसरी वेळ येते ती कन्सोल विकताना किंवा घरातल्या दुसऱ्या कुणाला देताना. दोन्ही वेळी माहिती पुसावीच लागते, पण पुसण्याची रीत दोन्हींत वेगळी आहे.

कुठल्याही बटणाला हात लावण्यापूर्वी एक भेद मनाशी पक्का करावा. कन्सोलमधल्या माहितीपैकी काही पुन्हा मिळवता येते आणि काही कधीच मिळत नाही. गेम पुन्हा उतरवता येतो, डिस्क पुन्हा घालता येते. परंतु तुम्ही खेळून गाठलेला टप्पा, म्हणजे ज्याला सगळे 'सेव्ह' म्हणतात तो, फक्त तुमच्या कन्सोलमध्ये असतो आणि त्याची प्रत काढून ठेवलेली नसेल तर तो जगात दुसरीकडे कुठेही नसतो. मी हे अनुभवातून लिहितो आहे. माझ्या भाच्याचा कन्सोल त्याच्या धाकट्या चुलत बहिणीला द्यायचे ठरले आणि तो पुसून देण्याचे काम माझ्याकडे आले. खात्याचे प्लेस्टेशन प्लस हे पैसे भरून घ्यायचे सदस्यत्व चालू असेल आणि सेव्ह आपोआप ऑनलाइन गेलेले असतील, असे मी गृहीत धरले. सदस्यत्व दोन महिन्यांपूर्वीच संपले होते. त्या मुलाने तीन वर्षे शाळा सांभाळून क्रिकेटच्या गेममध्ये उभी केलेली कारकीर्द एका दुपारी गेली. तो रागावला नाही; नुसता 'असू दे, मामा' म्हणाला. त्या दिवसापासून कुणाच्याही कन्सोलला हात लावण्यापूर्वी मी आधी पेन ड्राइव्ह मागतो.

कन्सोलमध्ये काय काय साठलेले असते

मुख्य पडद्यावर वरच्या पट्टीत उजवीकडे जाऊन 'सेटिंग्ज' उघडावे, त्यात 'स्टोरेज' आणि मग 'सिस्टीम स्टोरेज' निवडावे. कन्सोलचे पडदे मराठीत नाहीत, म्हणून पर्यायांची नावे मी पडद्यावर दिसतात तशीच देवनागरीत देतो आहे. येथे चार भाग दिसतात: 'ॲप्लिकेशन्स' म्हणजे गेम आणि ॲप, 'कॅप्चर गॅलरी' म्हणजे खेळताना टिपलेली चित्रे व चित्रफिती, 'सेव्ह्ड डेटा' म्हणजे सेव्ह, आणि 'थीम्स' म्हणजे पडद्याची सजावट. प्रत्येकापुढे त्याने व्यापलेली जागा लिहिलेली असते. बहुतेक घरांत पहिला भाग शेकडो जीबींचा, तर सेव्हचा भाग जेमतेम काही जीबींचा निघतो. म्हणूनच जागा करण्यासाठी सेव्ह पुसणे हा व्यर्थ उद्योग आहे. त्यातून मिळते अगदी थोडे आणि जाते ते सगळ्यांत मोलाचे.

सेव्हची प्रत काढणे

सेव्हची प्रत दोन ठिकाणी ठेवता येते. एक जागा म्हणजे पेन ड्राइव्ह किंवा बाह्य हार्ड डिस्क आणि दुसरी म्हणजे सदस्यत्वासोबत मिळणारी ऑनलाइन जागा. पेन ड्राइव्ह एफएटी ३२ किंवा एक्सएफएटी या रचनेत फॉरमॅट केलेला असावा. संगणकावर फॉरमॅट करताना रचना विचारली जाते, तेव्हा एक्सएफएटी निवडणे सोयीचे, कारण त्यात मोठ्या फाइलींची अडचण येत नाही. एनटीएफएस रचनेचा ड्राइव्ह कन्सोल ओळखत नाही, आणि ड्राइव्ह बिघडला असे समजून लोक नवा विकत आणतात ते बहुधा याच कारणाने.

ड्राइव्ह कन्सोलच्या पुढच्या यूएसबी खाचेत लावून 'सेटिंग्ज', तेथून 'ॲप्लिकेशन सेव्ह्ड डेटा मॅनेजमेंट', मग 'सेव्ह्ड डेटा इन सिस्टीम स्टोरेज' आणि शेवटी 'कॉपी टू यूएसबी स्टोरेज डिव्हाइस' असे जावे. गेमची यादी येते. एकेक गेम उघडून आतल्या सेव्हपुढच्या चौकटीत खूण करावी आणि 'कॉपी' दाबावे. कन्सोलमध्ये एकाहून अधिक जणांची खाती असतील तर हे काम प्रत्येकाच्या खात्यात शिरून स्वतंत्रपणे करावे लागते, कारण एका खात्यातून दुसऱ्याचे सेव्ह दिसतच नाहीत. घरात दोन भावंडे खेळत असतील तर धाकट्याचे सेव्ह राहून जातात ते नेमके इथेच.

प्रत झाली असे पडद्याने सांगितले तरी स्वतः खात्री करावी. एक पायरी मागे येऊन 'सेव्ह्ड डेटा ऑन यूएसबी स्टोरेज डिव्हाइस' उघडावे आणि तेथे तीच नावे, त्याच तारखांसह दिसतात का ते पाहावे. ड्राइव्ह संगणकाला लावला तर 'पीएस४' नावाच्या फोल्डरमध्ये 'सेव्हडेटा' हे फोल्डर दिसते. त्याचे नाव बदलू नये आणि ते दुसऱ्या फोल्डरात हलवू नये, नाहीतर कन्सोलला ते पुढे सापडत नाही. आणखी एक गोष्ट ध्यानात असावी. सेव्ह ज्या खात्यावर तयार झाला त्याच खात्यावर तो परत चालतो. मित्राच्या खात्यावर तो उतरवून पुढे खेळता येईल, अशी आशा ठेवू नये.

ऑनलाइन जागेसाठी प्लेस्टेशन प्लसचे चालू सदस्यत्व लागते. २०१९ पासून प्लेस्टेशन ४ च्या सेव्हसाठी ही जागा १०० जीबी आहे, म्हणजे साधारण खेळाडूला ती पुरून उरते. त्याच यादीतला 'अपलोड टू ऑनलाइन स्टोरेज' हा पर्याय निवडून सेव्ह वर पाठवावेत. आपोआप पाठवण्याची सोय आहे, पण तिच्यावर विसंबू नये. माझी चूक तीच होती. 'सेव्ह्ड डेटा इन ऑनलाइन स्टोरेज' उघडून प्रत्येक गेमपुढची तारीख डोळ्यांनी वाचावी. शेवटचे खेळलेला दिवस आणि ही तारीख जुळली तरच पुढे जावे.

प्लेस्टेशन ५ असलेल्यांना येथे वेगळी अडचण आहे. त्यावर प्लेस्टेशन ४ च्या गेमचे सेव्ह पेन ड्राइव्हवर घेता येतात, पण प्लेस्टेशन ५ च्या स्वतःच्या गेमचे सेव्ह एकेक करून घेता येत नाहीत. ते सदस्यत्वाच्या ऑनलाइन जागेत तरी पाठवावे लागतात किंवा संपूर्ण कन्सोलचा बॅकअप तरी बाह्य ड्राइव्हवर काढावा लागतो.

ट्रॉफी, म्हणजे गेममधल्या कामगिरीबद्दल मिळणारी डिजिटल पदके, हा निराळा विषय आहे. त्या सेव्हच्या प्रतीत नसतात आणि कन्सोलच्या संपूर्ण बॅकअपमध्येही येत नाहीत. त्या खात्याशी जोडल्या जाव्यात यासाठी 'ट्रॉफीज' उघडून कंट्रोलरवरचे 'ऑप्शन्स' बटण दाबावे आणि 'सिंक विथ प्लेस्टेशन नेटवर्क' निवडावे. 'ऑप्शन्स' म्हणजे मधल्या स्पर्शपट्टीच्या उजव्या अंगाला असलेले लहान लांबट बटण. पुढे ते वारंवार लागणार आहे.

केवळ जागा करायची असेल तर

सेव्ह सुरक्षित झाले की गेम काढण्याचे काम निर्धास्तपणे करता येते. 'सिस्टीम स्टोरेज'मधील 'ॲप्लिकेशन्स'मध्ये जावे, 'ऑप्शन्स' दाबून 'डिलीट' निवडावे, नको असलेल्या गेमपुढे खुणा कराव्यात आणि एकदाच सगळे काढावेत. मुख्य पडद्यावर एखाद्या गेमवर थांबून 'ऑप्शन्स' आणि 'डिलीट' करूनही तेच होते. या दोन्ही मार्गांनी गेम जातो, सेव्ह जात नाहीत. सेव्ह वेगळ्या कप्प्यात राहतात आणि वर्षभराने तोच गेम पुन्हा उतरवला तर खेळ सोडला होता तेथूनच सुरू होतो. हे पुष्कळांना ठाऊक नसते, आणि पूर्ण झालेला गेमही ते भीतीपोटी ठेवून देतात.

गेम पुन्हा उतरवता येतो, या नियमाला एक जाणून घेण्याजोगा अपवाद आहे. २०१४ च्या ऑगस्टमध्ये कोनामी या जपानी गेम कंपनीने 'पी.टी.' नावाचा एक छोटा भयखेळ प्लेस्टेशनच्या ऑनलाइन दुकानात मोफत ठेवला होता. २०१५ च्या एप्रिलअखेरीस तो काढून घेतला गेला, आणि त्यानंतर ज्यांनी तो पूर्वी घेतला होता त्यांनाही पुन्हा उतरवून घेता येईना. तो ज्यांच्या हार्ड डिस्कवर शिल्लक होता त्यांच्याकडेच राहिला. असे क्वचित घडते, तरीही दुकानातून नाहीसा झालेला गेम आपल्याकडे असेल तर तो काढण्यापूर्वी दुकानात किंवा आपल्या 'लायब्ररी'मध्ये त्याचे नाव शोधावे आणि पुढे 'डाउनलोड' दिसते का ते पाहावे. डिस्कवरच्या गेमबाबत हा प्रश्न येत नाही, पण डिस्क पुन्हा घातल्यावर मधल्या काळात आलेली सगळी अपडेट नव्याने उतरवावी लागतात. घरी मोबाइलच्या हॉटस्पॉटवरच इंटरनेट चालत असेल, तर रोज खेळला जाणारा गेम काढून कधीतरी खेळला जाणारा ठेवण्यात काही अर्थ नाही.

जागा किती मोकळी ठेवावी, याचाही अंदाज हवा. अपडेट बसवताना कन्सोल गेमच्या फाइलची नवी प्रत जुळवतो, आणि तोवर जुनी प्रतही ठेवावी लागते. त्यामुळे ५ जीबीच्या अपडेटसाठी कित्येक पट जागा मागितली जाते आणि माणूस गोंधळतो. सर्वांत मोठ्या गेमइतकी जागा कायम मोकळी राहील, असे धोरण ठेवल्यास ही अडचण सहसा येत नाही.

'कॅप्चर गॅलरी'कडे लोकांचे लक्षच जात नाही. कंट्रोलरवरच्या 'शेअर' बटणाने मूळ सेटिंगप्रमाणे शेवटच्या १५ मिनिटांची चित्रफीत साठवली जाते, आणि लहान मुले हे बटण नकळत पुष्कळदा दाबतात. गॅलरी उघडून हव्या त्या चित्रफिती पेन ड्राइव्हवर घ्याव्यात आणि बाकीच्या काढाव्यात. काही वेळा वीस-तीस जीबी एवढ्यानेच सुटतात. थीम्स फार जागा घेत नाहीत. त्यांच्या मागे लागू नये.

काहीच काढायचे नसेल तर बाह्य हार्ड डिस्क हा मार्ग आहे. मार्च २०१७ च्या ४.५० या अपडेटपासून प्लेस्टेशन ४ यूएसबी ३.० च्या, २५० जीबी ते ८ टीबीपर्यंतच्या बाह्य डिस्कवर गेम ठेवू देतो. ती डिस्क कन्सोल स्वतःच्या रचनेत फॉरमॅट करतो, म्हणून तिच्यावरचे लग्नाचे फोटो किंवा कार्यालयाची कागदपत्रे आधी दुसरीकडे हलवावीत. सेव्ह, चित्रफिती आणि थीम्स तेव्हाही आतल्या डिस्कवरच राहतात. ही डिस्क एकाएकी उपटू नये. कंट्रोलरच्या मधले पीएस बटण दाबून धरल्यावर येणाऱ्या पट्टीतून तिचा वापर थांबवावा आणि मगच केबल काढावी.

कन्सोल मंद झाला असेल तर

पुष्कळदा जागा असूनही यादी उघडायला वेळ लागतो, चित्रे उशिरा येतात, गेम मध्येच अडखळतो. अशा वेळी काहीही पुसण्याआधी दोन साधे उपाय करावेत. पहिला म्हणजे कन्सोल पूर्ण बंद करणे. नारिंगी दिवा म्हणजे कन्सोल बंद नसून विश्रांतीत आहे. वीज-पर्यायांतून 'टर्न ऑफ पीएस४' निवडावे, दिवा पूर्ण विझू द्यावा, त्यानंतरच विजेची वायर काढावी आणि काही मिनिटांनी पुन्हा जोडावी. तात्पुरत्या साठलेल्या माहितीतला गोंधळ यात निघून जातो.

दुसरा उपाय म्हणजे सुरक्षित अवस्थेतून, म्हणजे 'सेफ मोड'मधून, माहितीची सूची नव्याने बांधणे. कन्सोल बंद असताना पुढचे वीज-बटण दाबून धरावे. एक बीप लगेच येते. बोट उचलू नये. सुमारे सात सेकंदांनी दुसरी बीप ऐकू आली की सोडावे. पडदा कंट्रोलर केबलने जोडायला सांगतो. येथे साधी चार्जिंगची केबल चालत नाही, माहिती वाहून नेणारी लागते. पीएस बटण दाबूनही काही घडत नसेल तर दोष जवळजवळ नेहमी केबलचा असतो. नंतर येणाऱ्या यादीत पाचवा पर्याय 'रिबिल्ड डेटाबेस' हा आहे. तो हार्ड डिस्क तपासून तिच्यावरच्या सगळ्या गोष्टींची यादी नव्याने तयार करतो. गेम किंवा सेव्ह काढत नाही. डिस्क भरलेली असेल तर यास बराच वेळ लागू शकतो, आणि तेवढा वेळ वीज जाता कामा नये. भारनियमनाचा भाग असेल तर टीव्ही आणि कन्सोल इन्व्हर्टरवर घेऊनच हे काम सुरू करावे. याच यादीत खाली, सहाव्या आणि सातव्या क्रमांकावर, सर्व काही पुसणारे पर्याय आहेत, म्हणून एक्स बटण दाबण्यापूर्वी ओळ पुन्हा वाचावी.

कन्सोल दुसऱ्याच्या हाती देताना

येथे क्रम चुकला तर पुढे त्रास होतो. सेव्हची प्रत आणि ट्रॉफींची जोडणी झाली असे धरून आपल्या खात्याचा या कन्सोलवरचा हक्क प्रथम काढून घ्यावा. 'सेटिंग्ज', 'अकाउंट मॅनेजमेंट', 'ॲक्टिव्हेट ॲज युअर प्रायमरी पीएस४' असे जाऊन 'डीॲक्टिव्हेट' निवडावे. एका खात्याचा मुख्य प्लेस्टेशन ४ एकच असू शकतो. हे न करता कन्सोल पुसला आणि विकला, तर खाते त्या विकलेल्या यंत्रालाच मुख्य समजत राहते. विसर पडल्यास खात्याच्या संकेतस्थळावरून सर्व यंत्रांवरचा हक्क एकदम काढता येतो, पण ती सवलत सहा महिन्यांतून एकदाच मिळते. प्लेस्टेशन ५ वर हाच टप्पा 'कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले' या नावाने आहे आणि तो बंद करावा लागतो. पैसे भरण्यासाठी कार्ड जोडलेले असेल तर तेही याच वेळी खात्यातून काढावे.

घरातल्या एकाच माणसाची माहिती काढायची असून बाकीच्यांनी खेळत राहायचे असेल, तर संपूर्ण कन्सोल पुसण्याचे कारण नाही. 'लॉगिन सेटिंग्ज'मधील 'यूजर मॅनेजमेंट'मधून तेवढाच वापरकर्ता काढावा. त्याच्यासोबत त्याचे सेव्ह आणि चित्रफितीही जातात, हे लक्षात असू द्यावे.

बाहेरच्या माणसाला द्यायचा असेल तर आत राहिलेली गेमची डिस्क काढून घ्यावी. ती विसरणारे फार असतात, आणि वायर काढल्यावर ती सहज निघत नाही. मग 'सेटिंग्ज', 'इनिशिअलायझेशन', 'इनिशिअलाइझ पीएस४' असे जावे. त्याच पडद्यावर 'रिस्टोअर डीफॉल्ट सेटिंग्ज' हाही पर्याय असतो. तो केवळ सेटिंग मूळ स्थितीत आणतो, गेम व सेव्ह तसेच ठेवतो. तो करून कन्सोल विकणे म्हणजे आपले खाते आणि आपली सगळी माहिती सोबत विकणे होय. 'इनिशिअलाइझ' निवडल्यावर 'क्विक' आणि 'फुल' असे दोन प्रकार विचारले जातात. 'क्विक' काही मिनिटांत संपतो, परंतु विशेष साधने वापरणाऱ्याला पुसलेले काही परत मिळण्याची शक्यता त्यात उरते. 'फुल' संपूर्ण डिस्कवर फिरतो आणि त्याला काही तास लागतात. चुलत बहिणीसाठी 'क्विक' पुरे. अनोळखी ग्राहकासाठी 'फुल'च करावे, रात्री जेवण आटोपल्यावर लावून ठेवावे आणि मध्ये वीज तोडू नये.

कन्सोल मुख्य पडद्यापर्यंत पोहोचतच नसेल तर हेच काम वर सांगितलेल्या सुरक्षित अवस्थेतल्या सहाव्या पर्यायाने करता येते. सातवा पर्याय मात्र त्याहून पुढचा आहे. तो डिस्क पुसतोच, शिवाय प्रणालीही काढून टाकतो आणि ती नव्याने बसवण्यासाठी फाइल मागतो. ही फाइल अधिकृत संकेतस्थळावरून घ्यावी आणि पुनर्स्थापनेची, म्हणजे सुमारे १ जीबीची मोठी फाइल निवडावी. नेहमीच्या अपडेटची लहान फाइल येथे चालत नाही. पेन ड्राइव्हवर 'पीएस४' नावाचे फोल्डर करून त्यात 'अपडेट' नावाचे फोल्डर करावे आणि फाइल त्यात ठेवावी. दोन्ही फोल्डरांची नावे आणि फाइलचे 'पीएस४अपडेट.पीयूपी' (PS4UPDATE.PUP) हे नाव इंग्रजी मोठ्या लिपीत असले पाहिजे. एकच फाइल दोनदा उतरवली असेल तर संगणक नावापुढे कंसात आकडा जोडतो, आणि त्या आकड्यामुळे कन्सोल फाइल ओळखत नाही. नवी हार्ड डिस्क बसवली असेल तेव्हा सातवा पर्याय लागतोच. एरवी त्याच्या वाटेला जाऊ नये.

काम संपल्यावर कन्सोल स्वतः पुन्हा सुरू होतो आणि कंट्रोलर केबलने जोडून पीएस बटण दाबायला सांगतो. ते केल्यावर भाषा निवडण्याचा पडदा येतो. हा पडदा दिसला म्हणजे आत आपले काही उरलेले नाही. येथे पुढे जाऊ नये आणि 'कसे चालते ते दाखवतो' म्हणून आपले खाते पुन्हा घालू नये. वीज-बटण दाबून धरून कन्सोल बंद करावा, दिवा विझू द्यावा, आणि कंट्रोलर, तीच तपासलेली केबल व विजेची वायर सोबत ठेवून तो नव्या घरी द्यावा. सेव्हचा पेन ड्राइव्ह मात्र त्या पिशवीत जात नाही ना, हे एकदा पाहावे.